वासाचा रकाना

४ मार्च, सोमवार

सतरा दिवसांनी आज कामावर गेले. ताप उतरला, सर्दी सुकली, पण अंगातली रग गेली ती काही परत आलेली नाही. बसथांब्यापासून कारखान्याच्या फाटकापर्यंत दोनदा थांबावं लागलं. पहारेकरी म्हणाला, बाई, निम्म्या झालात. मी म्हटलं, उरलेली निम्मीही घरीच ठेवून येणार होते.

ही वही म्हणजे चाचणीचं जुनं रजिस्टर. अर्धं कोरं होतं आणि रद्दीत चाललं होतं, ते मी उचलून आणलं. फोनवर रोज माझ्यापाशी कुरकुरतेस त्यापेक्षा लिहून काढ, असं बहीण म्हणाली. पानावर रकाने आखलेले आहेत: टाकी, वास, टक्के, शेरा. त्यांच्याकडे कानाडोळा करून मी आपली आडवी लिहिते आहे.

आमचा कारखाना व्हिनेगर बनवतो. टाकीतलं व्हिनेगर बाटलीत भरण्याजोगं झालं की नाही, हे गेली सव्वीस वर्षं मी सांगते. शंभर भागांत चार भाग ॲसेटिक ॲसिड, बाकी पाणी, एवढाच हिशेब. रीतसर चाचणी म्हणजे नमुन्यात थेंब थेंब कॉस्टिक, म्हणजे कॉस्टिक सोड्याचं पाणी, सोडायचं, गुलाबी रंग टिकला की थांबायचं आणि किती कॉस्टिक लागलं त्यावरून टक्के काढायचे. मी आधी वास घेते, आकडा लिहिते आणि मग सवड झाली तर थेंब सोडून बघते. थोरले मालक होते तेव्हा पाहुण्यांसमोर माझी परीक्षा घ्यायचे. तीन पेले पुढ्यात ठेवायचे, मी वासावर साडेतीन, चार, सव्वाचार असं सांगायचे, आणि मग काचेच्या नळीतून तेच आकडे निघायचे. मला ते 'तराजू' म्हणत. चाखू मात्र कधी दिलं नाही. तिसऱ्या घोटाला जीभ बधिर होते, नाक होत नाही, असं त्यांचं म्हणणं. ते मी आजवर पाळलं आहे.

मी आजारी असताना धाकट्या मालकांनी एक मुलगी कामाला घेतली आहे. रसायनशास्त्राची पदवी, घट्ट वेणी, खिशाला तीन पेनं. माझ्या टेबलावरच्या बाटल्या तिने उंचीप्रमाणे लावून ठेवल्या आहेत. मालकांनी मला आत बोलावून चहा दिला आणि सांगितलं की एवढ्याशा खोलीत दोन माणसं फार दिवस ठेवता येणार नाहीत, महिनाअखेर काय ते ठरवू. दोघींपैकी कोण, हे ते बोलले नाहीत. चहा अगदी पाणचट होता.

५ मार्च, मंगळवार

टाकी दोनचा नमुना घेतला. नाकाच्या शेंड्याला जरा टोचतं, पण त्याच्या मागून येणारा भरीव वास नाही. साडेतीन, फार तर. टाकीवाल्याला दहा लिटर ॲसिड आणखी टाकायला सांगितलं. हा माणूस माझ्या आधीपासून इथे आहे आणि सव्वीस वर्षांत त्याने मला उलट विचारलेलं नाही. आज विचारलं, नक्की ना, बाई? मी म्हटलं, हल्लीच्या मालातच जीव नाही, त्याला तू काय करणार.

मग पदवीवालीने थेंब सोडून पाहिले. पाच टक्के आले. मी तिला समजावलं की कॉस्टिकची बाटली उघडी राहिली तर ते हवा खातं आणि मरतं. मेलेलं कॉस्टिक जास्त लागतं, म्हणून आकडा फुगतो. पुस्तकात हे असतंच, पण हाताला कळायला वर्षं जातात. ती म्हणाली, झाकण मी घट्ट लावते. मी म्हटलं, सगळे तसंच म्हणतात.

घरी आईचं नवीन खूळ. स्वयंपाकघराच्या दारात खुर्ची टाकून बसते आणि दूध तापवायच्या आधी पातेलं माझ्याकडे आण म्हणते. ऐंशी वर्षं झाली, आता हे सुरू झालंय. आज म्हणाली, हे नको, दुसरं आण. पिशवी कालचीच होती. मुकाट्याने चपला घालून पुन्हा दुकानात गेले.

७ मार्च, गुरुवार

जेवणात राम नाही. वरणात लिंबू पिळलं, भाजीत पिळलं, शेवटी भातावरही पिळलं. सिट्रिक ॲसिडवर जगते आहे म्हणायचं. आईने नुसतं ताटाकडे पाहिलं. तापातून उठलेल्या माणसाच्या तोंडाला चव नसते, हे सगळ्यांनाच माहीत आहे.

११ मार्च, सोमवार

सकाळी निघताना आई म्हणाली, ब्लाऊज बदल. मी म्हटलं, काय झालंय याला? तर म्हणे घामट झालाय. या वयात आईने असं बोलावं याचं फार वाईट वाटलं. बदलला, पण दिवसभर ते डोक्यातून गेलं नाही.

दुपारी काम कमी होतं. पदवीवाली तिची यादी घेऊन बसली होती, घरोघरी सापडणाऱ्या ॲसिडांची. नावं तिला घडाघड येतात, पण ओळख एकाचीही नाही. मग मीच सुरू झाले. लोणी जुनं झालं की जो कुबट वास मारतो ते ब्युटिरिक. दूध आंबतं ते लॅक्टिक. किटलीच्या तळाला साचलेला पांढरा थर काढायला सिट्रिकची पूड पाण्यात उकळायची. चादरीला लोखंडी बादलीच्या कडीचा गंज लागला तर ऑक्झॅलिकची चिमूट, पण हात लगेच धुवायचे, ते पोटात जाता कामा नये. आईच्या पायाच्या कुरूपाला लावतो त्या मलमात सॅलिसिलिक. साबणात आणि मेणबत्तीत स्टिअरिक. ती भराभर लिहून घेत होती. खिडकीत मुंग्यांची रांग होती, त्यातली एक चिरडून तिच्या नाकापाशी धरली आणि म्हटलं, हे फॉर्मिक. ती डोळे मिटून हसली. येतो, म्हणाली, झणझणीत आहे. मी माझ्या नाकाशी नेलं तेव्हा काहीच राहिलं नव्हतं. एवढ्याशा मुंगीत असून असणार किती.

मुलगी वाईट नाही. पण महिनाअखेर जवळ येते आहे, आणि चोपन्नाव्या वर्षी मला दुसरीकडे कोण विचारणार? तिला दहा जागा मिळतील.

१३ मार्च, बुधवार

खिडकीतल्या कुंडीतलं रोप का सुकतंय कळत नाही. पाणी वेळेवर घालते. मातीवर पांढरट बुरशीही दिसते. आई म्हणाली, राहू दे, वयच झालं असेल त्याचं.

१६ मार्च, शनिवार

मोठी मागणी आली आहे. काकडी आणि छोटे कांदे व्हिनेगरात मुरवून बरण्या भरणारी एक बाई आहे, तिला अख्खी टाकी हवी. टाकी तीन, हजार लिटर.

वास घेतला. पुन्हा घेतला. बाहेर जाऊन मोकळ्या हवेत उभी राहिले आणि परत येऊन तिसऱ्यांदा घेतला. पाण्याहून थोडं बरं, इतकंच. मला घाम फुटला. एवढी मोठी मागणी आणि पाणी पाठवलं, असं झालं तर महिनाअखेरचा निकाल आजच लागला. टाकीवाल्याला म्हटलं, एक पूर्ण कॅन टाक. तो म्हणाला, तीस लिटर? त्याच्या डोळ्यांना धार लागली होती, तो टाकीच्या तोंडाशी उभा होता. मी म्हटलं, टाक. त्याने टाकलं. टाकल्यावर मला नाकात जरा टोचल्यासारखं झालं. तेव्हा कुठे जिवात जीव आला.

पदवीवालीचा आकडा आला सात पूर्णांक एक. ती पळतच आली. कॉस्टिक नवीन केलं होतं, वजन दोनदा केलं होतं, म्हणाली. मी म्हटलं, पुन्हा कर. तिने पुन्हा केलं. सात पूर्णांक एक. तिसऱ्यांदा करायच्या आधी तिने नळी दोनदा धुतली. मला तिची दया आली आणि रागही आला. रजिस्टर ओढून घेतलं, तिचा आकडा खोडला, वर चार लिहिलं आणि सही केली. वासाच्या रकान्यात 'ठीक'.

ती हळूच म्हणाली, "बाई, निदान मालकांना विचारू या का?"

मी म्हटलं, मालक लहान होते तेव्हापासून मी या खोलीत आहे. ते मलाच विचारायला येतील.

पिंपं संध्याकाळी गेली.

१९ मार्च, मंगळवार

काही नाही. कामावर गेले, आले. आईने लोण्याचा डबा खालच्या मांजरीला दिला. अर्धा भरलेला होता. विचारलं तर म्हणे, मांजर बाळंतीण आहे. भांडायचा कंटाळा आला.

२३ मार्च, शनिवार

बरण्या भरणारी बाई आज स्वतः आली. मालकांच्या टेबलावर एक बरणी ठेवली आणि शेजारी आपले हात ठेवले. नखांच्या कडेची कातडी सोलवटलेली. तिच्याकडे काम करणाऱ्या दोघींचे हात याहून वाईट आहेत म्हणाली, दिवसभर त्या त्यातच बुडवून असतात. काकडी तोंडात धरवत नाही. चारशे बरण्या.

मालकांनी आम्हा सगळ्यांना बोलावलं. मी बरणीचं झाकण काढलं, नाक आत घातलं आणि म्हटलं की यात तर काहीच जोर नाही, हे आमच्याकडचं नसेलच. बोलून वर पाहिलं तर सगळे माझ्याकडे बघत होते. ती बाई दोन पावलं मागे सरकली होती आणि पदराने नाक झाकून उभी होती. टाकीवाला जमिनीकडे बघत होता. मला वाटलं, माझ्या स्पष्ट बोलण्याने सगळे गप्प झाले.

मग मालकांनी खोदून विचारलं. मी सगळं खरं तेच सांगितलं. ॲसिड हलकं आलं होतं म्हणून कॅन वाढवलं, बहुधा एखादं कॅन कडक निघालं असेल. असं होतं म्हणून तर थेंब सोडून खात्री करायची असते, पण कॉस्टिकच मेलेलं असेल तर आकड्यावर विश्वास कसा ठेवायचा? मालक पदवीवालीकडे वळले. कॉस्टिक ताजं ठेवणं कुणाचं काम?

ती म्हणाली, "माझं. आणि ते ताजं होतं."

एवढंच. रडली नाही, माझं नाव घेतलं नाही. रजिस्टरात खोडलेला आकडा आहे, तोही तिने दाखवला नाही.

२५ मार्च, सोमवार

मालकांनी सांगितलं, येत्या शनिवारी पदवीवालीचा शेवटचा दिवस. खोलीत पुन्हा मी एकटीच. वडील म्हणायचेच, आपल्याकडे तराजू आहे, असंही म्हणाले.

तीन आठवडे ज्याची धास्ती घेतली होती ते टळलं. आनंद व्हायला हवा होता. घरी येऊन चपला न काढता तासभर खुर्चीत बसले. आईने विचारलं, काय झालं? मी म्हटलं, काही नाही, चांगलंच झालं. तिने पाण्याचा पेला पुढे केला.

२८ मार्च, गुरुवार

आज सगळं लिहून काढते, अक्षर कसंही येवो.

सकाळी पदवीवाली तिचं सामान आवरत होती. तीन पेनं, एक रुमाल, ती यादी. यादीची एक प्रत तिने माझ्यासाठी स्वच्छ अक्षरात लिहून ठेवली होती, खाली 'बाईंनी सांगितलेली' असं लिहून. मला तिथे थांबवेना. कॅन मोजायच्या निमित्ताने कोठारात गेले आणि दार लोटून घेतलं. आत उभी राहिले आणि डोळ्यांतून पाणी यायला लागलं. थांबेचना. नाक चुरचुरत होतं, घसा दाटून आला होता. मला वाटलं, बघ, इतका दगड नाहीस तू, त्या पोरीसाठी रडते आहेस. जरा बरंही वाटलं. एका कॅनवर बसून मी पदराने डोळे पुसत होते.

दार धाडकन उघडलं आणि टाकीवाल्याने मला दंडाला धरून बाहेर ओढलं. सव्वीस वर्षांत त्याने माझ्या अंगाला बोट लावलं नव्हतं. अंगणातल्या नळाखाली माझं तोंड धरलं आणि पाणी मारत राहिला. मागच्या रांगेतलं कॅन चिरलं होतं, ॲसिड फरशीवरून दारापर्यंत आलं होतं. माझ्या चपलेचा तळ त्यात होता. फाटकापर्यंत वास गेलाय, म्हणाला.

मी म्हटलं, कसला वास?

त्याने नळ बंद केला. माझ्याकडे नीट बघून म्हणाला, "बाई, तुम्हाला वास येत नाही का?"

मी म्हटलं, येतो की. आणि तिथेच ओल्या अंगाने उभी राहून मी आठवायला लागले, शेवटचा कधी आला होता. चहाचा नाही. साबणाचा नाही. त्या मुंगीचा नाही. ताप यायच्या आदल्या दिवशी शेजारी कुणी तरी कांदा परतत होतं, तो आठवला. त्याच्या अलीकडे काहीच नाही.

टाकीवाला म्हणाला, मला तीन नंबरच्या टाकीलाच शंका आली होती. पण तुम्हाला कसं म्हणायचं?

दुपारीच घरी आले. आई स्वयंपाकघराच्या दारात तिच्या खुर्चीत होती. मी तिच्याशी एक अक्षर बोलले नाही. आधी व्हिनेगरची बाटली काढली आणि हुंगली. टोचलं, बाकी काही नाही. लिंबाची साल नखाने खरवडली. साबणाची वडी ओली केली. मेणबत्ती विझवून तिच्या धुरात नाक धरलं. दह्याचं भांडं. आईच्या मलमाची डबी, तिला म्हणे औषधी वास असतो. मग फ्रिजच्या मागच्या कोपऱ्यात लोण्याचा एक तुकडा सापडला, पिवळा पडलेला. ज्या वासाने माणूस खोलीतून उठून जातो, तो मी नाकाला चिकटेपर्यंत हुंगला. घरात ज्या ज्या वस्तूने मला आजवर आपलं नाव सांगितलं होतं, त्या सगळ्या गप्प बसल्या होत्या.

आई म्हणाली, "झालं बघून?"

मी म्हटलं, तुला माहीत होतं?

म्हणाली, "तापातून उठलीस त्याच दिवशी कळलं. दूध उतू जाऊन करपलं, घरभर वास झाला, आणि तू तिथेच पाठ करून भांडी लावत होतीस."

मग हळूहळू सगळं सांगितलं. मी तिला तीनदा नासकं दूध दिलं होतं. पहिल्यांदा तिने ते प्यायलं, माझ्यासमोर, कारण मी नुकतीच आजारातून उठून कामाला लागले होते. पुढच्या दोनदा माझी पाठ फिरल्यावर कुंडीत ओतलं. म्हणून तिने खुर्ची दारात आणली. लोणी, ब्लाऊज, दुधाची पिशवी, सगळं त्यातलंच. मांजर बाळंतीण वगैरे काही नव्हती, लोणीही तिला दिलं नव्हतं, कचऱ्यात गेलं होतं.

मी म्हटलं, मग सांगितलं का नाहीस गं?

"तुझं सगळं नाकावरच चाललेलं. मी कोणत्या तोंडाने सांगू? म्हटलं, येईल परत. तोवर आपण बघू."

मी तिच्या मांडीवर डोकं ठेवलं. किती वर्षांनी ठेवलं असेल. डोळ्यांत ॲसिड नव्हतं, तरी पाणी आलं.

मग तिला टाकी तीनचं सांगितलं. त्या बाईच्या बोटांचं, पोरीचं, शनिवारचं. आई केसांतून हात फिरवायची थांबली. तेवढं मला पुरलं.

२९ मार्च, शुक्रवार

कुणाला काही कळलेलं नाही, टाकीवाला बोलणार नाही, उद्या पोरगी जाईल आणि मी यापुढे थेंब सोडून आकडा काढत जाईन, नाकाचं कुणाला कळायचं कारण नाही. हा विचार बसमध्ये पहिल्या थांब्यापासून शेवटच्या थांब्यापर्यंत केला. नाही कशाला म्हणू.

मालकांना सांगितलं. त्यांचा विश्वास बसेना. पोरीची दया आली म्हणून मी हे अंगावर घेते आहे असं त्यांना वाटलं, आणि ते हसलेही. मग मीच म्हटलं, थोरल्या मालकांसारखे तीन पेले लावा. पदवीवालीने भरून आणले, ती बिचारी घाबरून माझ्याकडे बघत होती. मालक, टाकीवाला, बाटल्या धुणाऱ्या दोघी, सगळे दारात उभे. मी पहिला उचलला, दुसरा, तिसरा. सव्वीस वर्षांची सवय, मान आपोआप तशीच तिरकी झाली.

मी म्हटलं, "तिन्ही पाणी आहेत."

पदवीवालीने सांगितलं, पहिलं पाणी, दुसरं दोन टक्के, तिसरं चार. मी मालकांना म्हटलं, हिचे सगळे आकडे खरे होते, रजिस्टर काढून बघा, खोडलेला दिसेल. खोडलं मी. कॉस्टिक मेलं नव्हतं.

मालक खिडकीकडे तोंड करून उभे राहिले. मग म्हणाले, मला विचार करावा लागेल. मी म्हटलं, करा. खरं सांगायचं तर त्या क्षणी मला फक्त बसायला खुर्ची हवी होती. ती पोरीनेच सरकवली.

१ एप्रिल, सोमवार

नाकाच्या डॉक्टरांकडे जाऊन आले. तापाने असं होतं म्हणाले. कुणाचं वर्षात परत येतं, कुणाचं येत नाही. रोज चार ओळखीच्या वस्तू हुंगायच्या आणि त्यांचा वास आठवायचा. लिंबू घेतलं पहिलं. आठवला. आला नाही.

परतताना बरण्या भरणाऱ्या बाईकडे गेले. तिच्याकडच्या दोघींची बोटं आता बरी आहेत, पण पातळ कातडी गुलाबी दिसते. चूक माझी होती असं मी तिघींना सांगितलं. धाकटी म्हणाली, होतं कधी कधी. थोरली बरणी पुसत राहिली आणि मीही तिच्याकडून काही ऐकायला थांबले नाही.

४ एप्रिल, गुरुवार

मालकांचा निर्णय झाला. पदवीवाली राहते. सही तिची. मला अर्धा दिवस, रजिस्टर लिहायला आणि ॲसिडच्या कोठारावर लक्ष ठेवायला. कोठारात मी एकटीने जायचं नाही, टाकीवाला बरोबर हवा. अपमान वाटायला हवा होता, पण खूप दिवसांनी दुपारी घरी येऊन झोपले.

पोरीने नवीन रजिस्टर आखलं. मला वाटलं, वासाचा रकाना गेला. तो होता. मी विचारलं, हा कशाला? म्हणाली, असू दे, त्यानेच तर पहिल्यांदा कळायचं ना काही बिघडलं तर. आता तो टाकीवाल्याने भरायचा. त्याने पहिल्याच दिवशी एक ते सहा सगळ्या टाक्यांपुढे मोठ्या अक्षरांत लिहिलं आहे, 'येतो'. आम्ही दोघी हसलो. मग मी ब्युरेटच्या काचेच्या नळीपाशी बसले आणि तिने सांगितल्याप्रमाणे थेंब सोडत गेले. गुलाबी रंग आला, गेला, आला आणि टिकला. चार. डोळे अजून चांगले आहेत.

८ एप्रिल, सोमवार

आईच्या खुर्चीचं मी पोरीला सांगितलं होतं. निघताना तिने एक छोटी डबी हातात ठेवली. रंग बदलणाऱ्या कागदाच्या पट्ट्या. दुधात बुडवायची, दूध आंबायला लागलं की रंग वेगळा येतो, झाकणावर रंगांचा तक्ता आहे. म्हणाली, बाई, म्हणजे आईंना रोज दारात बसायला नको.

घरी आले. आई खुर्चीत होती, हात पुढे करून. मी पातेलं दिलं. तिने ते दोन्ही हातांनी धरलं, हल्ली तिचा हात थरथरतो, आणि डोळे मिटून वास घेतला. बराच वेळ घेतला. मी उभी होते. डबी पर्समध्ये होती.

"चांगलं आहे," आई म्हणाली. "तापव."

तापवलं. दोघींनी प्यायलं. पट्ट्यांची डबी कपाटात वरच्या फळीवर ठेवली आहे, घड्या केलेल्या चादरींच्या मागे. आईचा हात तिथवर पोचत नाही.